सुहैली : मुंबईत घडलेली एक शिडाची नौका

शिडाची नौका म्हटली की आपल्याकडे बहुधा दोनच चित्रे डोळ्यांपुढे उभी राहतात. एक कोकणच्या खाडीतून बाहेर पडणाऱ्या मचव्याचे, आणि दुसरे मुंबईच्या गेटवेसमोर सुटीच्या दिवशी हिंडणाऱ्या हौशी लोकांच्या पांढऱ्याशुभ्र नौकांचे. पहिली पोटासाठी समुद्रात जाते, दुसरी संध्याकाळपर्यंत परत यावयाचे म्हणून जाते. ह्या दोहोंहून निराळा असा नौकेचा एक तिसरा प्रकार आहे. तिला भ्रमणनौका म्हणता येईल. तिच्यावर माणूस राहतो, स्वयंपाक करतो, झोपतो, आजारी पडतो, बरा होतो. आणि हे सारे चालू असताना ती महिनोन् महिने पाणी कापीत पुढे जात असते. घर आणि वाहन ह्या दोन परस्परविरोधी गोष्टी तीस-चाळीस फुटांच्या लाकडी पोटात एकत्र नांदवावयाच्या, हा तिच्या रचनेतला मूळ प्रश्न आहे.

ह्या प्रश्नाविषयी आज बोलावयाचे ते एका विशिष्ट नौकेच्या आधाराने. तिचे नाव 'सुहैली'. एका माणसाने एकट्याने, कोणत्याही बंदरात न थांबता, पृथ्वीप्रदक्षिणा पुरी केली ती प्रथम हिच्यावरून. 14 जून 1968 रोजी इंग्लंडमधील फाल्मथ बंदरातून रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन हा तरुण निघाला आणि 22 एप्रिल 1969 रोजी, म्हणजे 312 दिवसांनी, त्याच बंदरात परतला. ही हकीकत पुष्कळांनी ऐकलेली असते. परंतु ती नौका मुंबईत, कुलाब्याच्या एका कारखान्यात, आपल्या सुतारांच्या हातून घडली, हे मात्र मराठी माणसालाही फारसे ठाऊक नसते.

नॉक्स-जॉन्स्टन त्या काळी ब्रिटिश इंडिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीच्या बोटींवर अधिकारी होता, आणि ह्या बोटींचा मुंबईशी नित्याचा संबंध. त्याने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी मिळून एक नौका बांधावयाची आणि तिच्यावरून इंग्लंडला जावयाचे, असे ठरविले. नकाशे मागविले ते इंग्लंडमधून. आले ते मात्र हव्या त्या नौकेचे नव्हेत. 'एरिक' नावाच्या, तेव्हाही जुनाट समजल्या जाणाऱ्या नौकेचे. पुन्हा पत्रव्यवहार करण्याइतका वेळ नव्हता. जे हाती आले त्यावरून बांधावयाचे, असा निर्णय झाला. इतिहासात मोठ्या गोष्टी पुष्कळदा टपालातल्या अशा घोटाळ्यांवर उभ्या असतात. मागविलेलेच नकाशे आले असते तर कदाचित अधिक वेगवान नौका तयार झाली असती. ती दक्षिण महासागरातून परत आली असती की नाही, हे कोण सांगणार?

हा 'एरिक' कोठून आला ते पाहिले पाहिजे, कारण नौकेलाही कुळ असते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस नॉर्वेच्या किनाऱ्यावर हिवाळी वादळांत कोळ्यांच्या होड्या बुडत आणि माणसे दगावत. त्यांच्या मदतीला जाणाऱ्या नौका कशा असाव्यात, हा प्रश्न कॉलिन आर्चर ह्या नौकाशिल्पीपुढे आला. आर्चर स्कॉटिश वंशाचा, जन्माने व कर्माने नॉर्वेचा. ध्रुवप्रदेशाच्या शोधात गेलेले नान्सेनचे 'फ्राम' जहाज त्याचेच. इतर सर्व नौका ज्या वादळात बंदराकडे पळतात त्याच वादळात ही नौका बाहेर पडली पाहिजे, भर समुद्रात इतरांची वाट पाहत थांबली पाहिजे, आणि प्रसंगी दुसरी होडी ओढूनही आणली पाहिजे, अशी ती अट होती. 1893 साली त्याने जी नौका उतरविली ती अंगाने रुंद, वजनाने जड, आणि पुढे नाळेकडे जशी निमुळती तशीच मागेही निमुळती होती. पुढे 1920च्या दशकात विल्यम ॲटकिन ह्या अमेरिकन शिल्पीने तोच आकार लहान करून 32 फुटांत बसविला. तोच 'एरिक'. म्हणजे नॉर्वेच्या कोळ्यांना वाचविण्यासाठी आखलेली रेषा अमेरिकेवरून, इंग्लंडमार्गे, कुलाब्याच्या सुतारापुढे येऊन पडली.

आणि तो सुतार काही कमी नव्हता. मुंबईत जहाजे बांधण्याची परंपरा वाडिया घराण्यापासूनची. लवजी नसरवानजी सुरतेहून मुंबईस आले ते 1736 साली. ह्या घराण्याच्या देखरेखीखाली सागवानात बांधलेली 'ट्रिंकोमाली' ही युद्धनौका 1817 साली मुंबईत पाण्यात उतरली आणि आजही इंग्लंडमधील हार्टलपूल येथे तरंगते आहे. 'सुहैली'च्या वेळी, म्हणजे 1963-64 साली, हत्यारे तीच होती: वाकस, पटाशी, आणि दोरीच्या धनुकलीने फिरवावयाचा सामता. विजेवर चालणारी यंत्रे जवळजवळ नव्हतीच. लाकूड सागवान. सागवानाच्या अंगी तेल असते. त्यामुळे ते सहसा कुजत नाही आणि खाऱ्या पाण्यात वर्षानुवर्षे टिकते. त्याचा दोष एवढाच की ते जड आहे. परंतु वादळात जी नौका जड तीच शांत, असा ज्या रचनेचा सिद्धान्त, तिला हा दोष गुणासारखाच मानवला. डिसेंबर 1964 मध्ये आपल्या रीतीप्रमाणे नाळेवर नारळ फोडून ती पाण्यात सोडण्यात आली.

नावाविषयी दोन शब्द बोलतो. सुहैली हे इराणच्या आखातात अरब खलाशांनी आग्नेयीकडून येणाऱ्या वाऱ्याला दिलेले नाव. सुहैल म्हणजे अरबीत दक्षिण आकाशातला एक अतितेजस्वी तारा. आपण त्याला अगस्त्य म्हणतो. पावसाळा सरत आला की तो पहाटे क्षितिजावर दिसू लागतो, आणि समुद्रावर जाणारांना दिवस पालटल्याची खूण पटते. समुद्र प्राशन करणाऱ्या ऋषीचे नाव आपण ज्या ताऱ्याला दिले, त्याच ताऱ्याशी नाते सांगणारे नाव मुंबईत जन्मलेल्या ह्या नौकेला मिळाले, हा योगायोग मला तरी फार गोड वाटतो.

आता तिच्या अंगाकडे वळू. नाळेपासून पिछाडीपर्यंत लांबी सुमारे 32 फूट. रुंदी 11 फुटांवर, म्हणजे लांबीच्या तिसऱ्या हिश्श्याहून अधिक. पाण्याखाली खोली साडेपाच फूट. नाळेपुढे बाहेर आलेला सोट आणि पिछाडीस तसाच दुसरा, ह्यांमुळे शिडे अंगाबाहेर पसरता येतात. बंदरात आजच्या सडपातळ नौकांशेजारी ती उभी केली तर एखाद्या भारदस्त गृहिणीसारखी दिसते.

नौकेच्या पाण्याखालच्या भागात मुख्य तो कणा, ज्याला खलाशी कील म्हणतात. शर्यतीच्या आधुनिक नौकेचा कणा म्हणजे माशाच्या पराप्रमाणे मध्यभागी उतरलेले एक अरुंद, खोल पाते, आणि त्याच्या तळाशी वजन. सुकाणू वेगळे, अगदी मागे. अशी नौका जागच्या जागी वळते, वाऱ्याच्या अगदी जवळ तोंड करून धावते. 'सुहैली'चा कणा मात्र पुढून मागेपर्यंत अखंड आहे, आणि सुकाणू त्याच्याच मागच्या कडेला बिजागऱ्यांनी टांगलेले. ती वळते सावकाश. पण एकदा दिशा धरली की सोडीत नाही. शहरात चालवावयाची सायकल आणि घाटातून जाणारी बैलगाडी ह्यांत जो फरक, तोच येथे. एकट्या माणसाच्या दृष्टीने दुसरीच बरी. कारण एकट्याला झोप लागते आणि बैलाला वाट ठाऊक असते.

हा मुद्दा थोडा उकलून सांगावयास हवा, कारण भ्रमणनौकेच्या रचनेचे मर्म त्यात आहे. वारा शिडांवर दाब देतो. त्या सर्व दाबाचा एक मध्यबिंदू कल्पिता येतो. पाण्याखालचे अंग आडवे सरकण्यास विरोध करते. त्या विरोधाचाही एक मध्यबिंदू असतो. वाऱ्याचा बिंदू पाण्याच्या बिंदूच्या फार मागे गेला की नौकेचे तोंड वाऱ्याकडे वळू पाहते. फार पुढे आला की ती वाऱ्यापासून दूर पळते. दोन्ही योग्य अंतरावर असले म्हणजे सुकाणूला हात न लावताही ती सरळ जाते. 'सुहैली'ला दोन डोलकाठ्या आहेत, पुढची मोठी आणि मागची लहान. ह्या मांडणीला केच म्हणतात. मागचे लहान शीड बोटभर ढिले किंवा ताठ केले की वाऱ्याचा मध्यबिंदू हवा तसा सरकतो. ते शीड म्हणजे तराजूच्या पारड्यात टाकावयाचे चिल्लर वजन होय. शिवाय शिडाचे एकंदर क्षेत्र दोन काठ्यांवर विभागल्यामुळे प्रत्येक शीड एकट्याच्या बाहूंना आवरण्याजोगे राहते. वारा वाढला की मधले मोठे शीड पार उतरवून पुढच्या-मागच्या लहान शिडांवर नौका समतोल ठेवता येते. आजचे शिल्पी म्हणतील की दुसऱ्या काठीचा खर्च आणि वजन ह्यांच्या मानाने वेग मिळत नाही. आणि वेगाच्या हिशेबात ते खरेच आहे.

पण हा हिशेब प्रवासात कसा उपयोगी पडला तो पाहा. नॉक्स-जॉन्स्टनने निघण्यापूर्वी वाऱ्याच्या आधारे आपोआप सुकाणू फिरविणारे एक साधन बसविले होते. मागची डोलकाठी आणि तिच्या दोऱ्या मध्ये येत असल्यामुळे ते एकच न बसविता दोन्ही बाजूंना एकेक असे बाहेर काढलेल्या लोखंडी नळ्यांवर बसवावे लागले. त्याला त्याने 'ॲडमिरल' असे नाव ठेवले होते. हुकूम देणारा तो, राबणारा हा, असा त्यातला विनोद. हा ॲडमिरल ऑस्ट्रेलियाच्या परिसरात कायमचा निकामी झाला. पुढे सारा पॅसिफिक, केप हॉर्न आणि संपूर्ण अटलांटिक शिल्लक. निराळी नौका असती तर प्रवास तेथेच संपला असता. 'सुहैली'ची शिडे जुळवून, सुकाणूचा दांडा बांधून टाकून, तो झोपू लागला. आणि ती चालत राहिली. 17 जानेवारी 1969 रोजी तिने केप हॉर्न ओलांडले, ते ह्याच स्थितीत. नकाशा आखणाऱ्याने चाळीसएक वर्षांपूर्वी कागदावर जो तोल साधला होता, त्याची परीक्षा अशा रीतीने झाली.

कण्याच्या तळाशी लोखंडाचे ओतीव वजन बसविलेले आहे. गुरुत्वमध्य खाली असला की नौका कलंडली तरी बाहुलीसारखी पुन्हा उभी राहते. सप्टेंबर 1968 मध्ये, आफ्रिकेच्या दक्षिणेस, ज्या पट्ट्याला भूगोलाच्या पुस्तकांत 'गरजणारे चाळीस' म्हणतात त्या प्रदेशात, एका लाटेने तिला आडवी पाडली. ती उठली. परंतु खोलीच्या भिंती जागच्या हलल्या आणि छताच्या कडेने भेगा पडल्या. छप्पर लाटेबरोबर वाहून गेले तर मोठ्या उघड्या होडीत बसल्यासारखे होणार. त्याने ते आतून आधार देऊन बळकट केले. आणि पुढच्या वादळांत एक युक्ती केली, जी आज भ्रमणनौकेच्या प्रत्येक पुस्तकात असते: जाड, लांब दोर, दोन्ही टोके पिछाडीला बांधून, मागे पाण्यात वेटोळ्यासारखा सोडावयाचा. दोर पाण्याला अडतो. नौकेचा वेग कमी होतो. आणि लाटेच्या उतारावरून ती घसरत जाऊन नाक खुपसण्याचा धोका टळतो. ह्या वेळी मागून येणारी लाट पिछाडीच्या निमुळत्या अंगावर आपटते आणि दुभंगते. निमुळत्या पिछाडीला आता पूर्वीइतके महत्त्व कोणी देत नाही. रुंद पिछाडीच्या नौकाही दक्षिण महासागर सुखरूप ओलांडतात. तरी आर्चरच्या कोळ्यांना ती का आवडली असावी, हे समजते.

तिच्यात दोषही होते, आणि ते सांगितल्यावाचून नौकेचे वर्णन पुरे होत नाही. फळ्यांच्या नौकेत प्रत्येक दोन फळ्यांमध्ये फट असते. तीत कापसाची वात ठोकून वरून लांबी भरतात. पाण्यात लाकूड फुगते आणि फट आवळली जाते. कण्याला लागून असलेली सर्वांत खालची फट मात्र नेहमीच नाजूक. कारण एका बाजूला जड, ताठ कणा आणि दुसऱ्या बाजूला वाकणारी फळी. प्रवासाच्या आरंभीच, केप व्हर्द बेटांच्या परिसरात, ह्या फटीतून पाणी येऊ लागले. नॉक्स-जॉन्स्टनने समुद्रात उडी घेऊन, श्वास रोखून, पाच फूट पाण्याखाली कापसाची वात ठोकली, ती टिकेना. मग कापूस कापडाच्या पट्टीवर शिवून, डांबरात बुडवून, ती पट्टी फटीवर खिळ्यांनी मारली आणि वरून तांब्याचा पत्रा ठोकला. मध्येच एक शार्क घिरट्या घालू लागला. त्याला बंदुकीने गारद करून काम पुढे चालविले. येथे लाकडी नौकेचा एक मोठा गुण दिसतो. ती गळते, पण दुरुस्त करता येते, आणि दुरुस्त करणारास हातोडी, खिळे, कापड आणि डांबर ह्यांपलीकडे काही लागत नाही. ज्या नौकेतला बिघाड तिच्यावरच्या माणसाला काढता येत नाही ती कितीही सुंदर असली तरी दूरच्या प्रवासाला निरुपयोगी. सरकारी कचेरीत यंत्रसामग्रीच्या खरेदीचे कागद पाहताना हाच प्रश्न माझ्या मनात येतो: हे बिघडले तर तालुक्याच्या गावी कोण दुरुस्त करील?

आतल्या व्यवस्थेविषयी थोडक्यात. भ्रमणनौकेची खोली प्रशस्त असू नये. हे ऐकून नवल वाटेल. परंतु समुद्र हलवीत असताना रिकामी जागा म्हणजे माणूस फेकला जाण्याची जागा. हाताला कोठेही काहीतरी धरावयास सापडले पाहिजे, बिछाना अरुंद हवा, आणि चूल अशी टांगलेली हवी की नौका कलली तरी भांडे सरळ राहील. 'सुहैली'वर हजाराहून अधिक खाद्यपदार्थांचे डबे होते. त्यांची कागदी वेष्टने ओल्याने सुटून पाणी उपसण्याच्या पंपात अडकतात. म्हणून वेष्टने काढून डब्यांवर रंगाने खुणा केल्या होत्या. टाकीतले गोडे पाणी पुढे नासले. तेव्हा शिडांवरून ओघळणारे पावसाचे पाणी बादलीत धरून तो राहिला. रेडिओही बंद पडला होता, आणि महिनेच्या महिने ती नौका जिवंत आहे की नाही हे कोणालाच ठाऊक नव्हते.

वेगाचे गणित सांगून हा भाग संपवितो. पाण्यातून जाणारी जड नौका स्वतःच्या लाटेच्या पाळण्यात अडकते. तिचा कमाल वेग पाण्याच्या रेषेवरील लांबीवर अवलंबून असतो. ही लांबी फुटांत घेऊन तिचे वर्गमूळ काढावे आणि त्यास 1.34 ने गुणावे; तासाला किती सागरी मैल, ह्याचे उत्तर मिळते. 'सुहैली'ची ही लांबी 28 फूट. उत्तर येते सात मैल आणि किंचित. प्रत्यक्षात संपूर्ण प्रदक्षिणेत, सुमारे 30 हजार सागरी मैलांच्या प्रवासात, तिची सरासरी पडली तासाला चार मैल. आपल्याकडे चांगला चालणारा माणूस जवळजवळ तितका चालतो! त्या शर्यतीत एकूण नऊ जण उतरले होते. काहींच्या नौका तिच्याहून लांब होत्या, काहींच्या तीन अंगांच्या आणि कितीतरी वेगवान होत्या. टेटलीची तीन अंगांची 'व्हिक्ट्रेस' अझोर्स बेटांजवळ फुटून बुडाली. क्रोहर्स्ट परतलाच नाही. फ्रान्सचा म्वातेसिए 'जोशुआ' ह्या पोलादी नौकेवर केप हॉर्न ओलांडूनही इंग्लंडला न वळता पुन्हा पूर्वेकडे निघून गेला, आणि थांबला तो ताहितीला. पोहोचली एकटी 'सुहैली'. बक्षिसाचे पाच हजार पौंड नॉक्स-जॉन्स्टनने क्रोहर्स्टच्या कुटुंबाला दिले.

अशी नौका पुढे संग्रहालयात जाणार हे उघड होते. ग्रिनिच येथील सागरी संग्रहालयात ती ठेवण्यात आली. तेथील हवा कोरडी, नियंत्रित. कागदांना आणि तैलचित्रांना ती मानवते. मुंबईच्या दमट हवेत तयार झालेल्या आणि तीसएक वर्षे समुद्रात भिजलेल्या सागवानाला मानवली नाही. फळ्या आकसू लागल्या. मालकाने 2002 साली तिला तेथून हलविले, सावकाश डागडुजी केली, आणि 2016 साली ती पुन्हा पाण्यात उतरली. 14 जून 2018 रोजी, प्रदक्षिणेच्या प्रारंभाला पन्नास वर्षे झाली त्या दिवशी, ती फाल्मथच्या समुद्रात शिडे लावून हिंडत होती.

तिचा धागा आपल्याकडे तुटला नाही, आणि तो पुढे चालविण्यात मराठी माणसाचा वाटा आहे. व्हाइस ॲडमिरल मनोहर आवटी हे सातारा जिल्ह्यातले. एखाद्या भारतीयाने भारतात बांधलेल्या नौकेतून एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा करावी, असा ध्यास त्यांनी निवृत्तीनंतर घेतला. नौदलाने तो उचलून धरला. कमांडर दिलीप दोंदे पुढे आले. अनुभवासाठी ते काही काळ नॉक्स-जॉन्स्टनच्याच मदतनिसांत राबले. गोव्यात मांडवीच्या पात्रातल्या दिवाडी बेटावर रत्नाकर दांडेकर ह्यांच्या कारखान्यात नौका बांधली गेली. तिचे नाव 'म्हादेई', मांडवीचेच वरच्या अंगाचे नाव. नकाशे हॉलंडच्या व्हान द स्टाट ह्या शिल्पीगृहाचे. लांबी 56 फूट. अंग लाकडाच्या पट्ट्यांचे, पण त्यावर आतून-बाहेरून काचतंतूंचे आणि राळेचे कवच. 'सुहैली'ची गळणारी फट येथे नाहीच, कारण फळी फळीला चिकटून सारे अंग एकसंध झालेले. डोलकाठी एकच, फार उंच. एकट्या माणसाला ती शिडे आवरणे शक्य झाले ते दोर ओढणाऱ्या आधुनिक चक्रांमुळे. लांबीचा लाभ किती होतो पाहा: पाण्याच्या रेषेवर 49 फूट लांबी असली तर मघाच्याच सूत्राने कमाल वेग सव्वानऊ मैलांवर जातो.

दोंदे 19 ऑगस्ट 2009 रोजी मुंबईहून निघाले, चार बंदरे घेत मे 2010 मध्ये परतले. अशी प्रदक्षिणा एकट्याने करणारे ते पहिले भारतीय. त्यांच्यामागून अभिलाष टॉमी ह्यांनी नोव्हेंबर 2012 ते मार्च 2013 ह्या काळात त्याच 'म्हादेई'वरून न थांबता प्रदक्षिणा केली. त्याच धर्तीच्या, गोव्यातच बांधलेल्या 'तारिणी'वरून 2017-18 मध्ये नौदलाच्या सहा महिला अधिकारी गेल्या आणि आल्या.

परंतु जुन्या आणि नव्या रचनेचा हा वाद इतक्या सहज मिटत नाही. 2018 साली 'सुहैली'च्या प्रवासाच्या स्मरणार्थ पुन्हा एकट्याने, विनाथांबा, जुन्या पद्धतीच्या लांब कण्याच्या नौकांनी आणि जुन्याच साधनांनी शर्यत घेण्याचे ठरले. उपग्रहाच्या साहाय्याने मार्ग शोधण्यास बंदी. ताऱ्यांवरून आणि सूर्यावरून स्थान काढावयाचे. टॉमी ह्यांनी त्यासाठी गोव्यातच 'सुहैली'ची प्रतिकृती बांधून घेतली, नाव 'तुरीया'. 21 सप्टेंबर 2018 रोजी, ऑस्ट्रेलियातील पर्थपासून सुमारे 1,900 सागरी मैल पश्चिमेला, प्रचंड वादळात ती उलटली. डोलकाठी मोडली. टॉमी ह्यांच्या पाठीच्या मणक्याला इजा झाली आणि ते बिछान्यावरून हलू शकेनासे झाले. तीन दिवसांनी 'ओसिरिस' ह्या फ्रेंच गस्ती नौकेने त्यांना उचलले. 'तुरीया' समुद्रावरच सोडून द्यावी लागली. त्याच वादळात आयर्लंडच्या मॅक्गकिन ह्यांची नौकाही उलटून तिची डोलकाठी गेली. शर्यत पुरी केली ती पाचच जणांनी.

ह्यावरून जुनी रचना फसवी, असे म्हणावयाचे काय? मला तसे वाटत नाही. लाट पुरेशी उंच असली आणि नौकेच्या अंगावर आडवी फुटली, तर 32 फुटांची कोणतीही नौका उलटते, मग तिचा कणा लांब असो वा आखूड. 1968 साली 'सुहैली'लाही अशी लाट भेटली होती; ती थोडी लहान होती, एवढेच. शिल्पी नौकेला लाटेपासून वाचवू शकत नाही. लाट येऊन गेल्यावर नौका पुन्हा उभी राहावी, तिच्या पोटात पाणी शिरू नये, आणि आतला माणूस जिवंत असावा, इतकेच त्याच्या हाती असते. 'तुरीया' उभी राहिली होती, आणि तिच्या आतला माणूस जिवंत होता.

टॉमी पुन्हा चालते झाले आणि 2022 साली त्याच शर्यतीत उतरले. ह्या खेपेस नौका निवडली ती 36 फुटांची, इंग्लंडच्या धाटणीची, एका डोलकाठीची. कणा मात्र लांबच. वाऱ्यावर चालणारे सुकाणूचे साधन वाटेत मोडले, तेव्हा शौचकूपाच्या दाराची फळी कापून त्यांनी नवे पाते केले आणि पुढे गेले. 29 एप्रिल 2023 रोजी ते फ्रान्समधील ले साब्ल दोलोन बंदरात दुसरे आले. त्यांच्या दोन दिवस आधी पहिली आली ती दक्षिण आफ्रिकेची कर्स्टन नॉयशेफर. जगाला फेरा घालणारी एकट्याची शर्यत जिंकणारी पहिली स्त्री. तिच्या 'मिनेहाहा' ह्या नौकेचा आकार ज्या नकाशावरून घेतला गेला, तो मूळ आखणाऱ्या माणसाचे नाव विल्यम ॲटकिन.